राहिलेला प्रसंग

फोन आला तेव्हा नॉरिस एकर्स्ली अंडं उकडत होता. त्या पोरीचं बोलणं संपेपर्यंत अंड्याचा दगड झाला. "मनापासून अभिनंदन, मिस्टर एकर्स्ली," असं म्हणून तिनं फोन ठेवला, तेव्हा कुठे त्याच्या लक्षात आलं की आपण इतका वेळ "वा, वा, छान" एवढंच म्हणत होतो. तमसिन असं तिचं नाव. लंडनच्या एका संग्रहात जुनी टेलिव्हिजनची नाटकं शोधून काढायचं काम करायची. न्यूझीलंडमधल्या कुठल्याशा गोदामात, कधी काळी तिकडे विकलेल्या मालात, त्यानं तरुणपणी लिहिलेलं 'सहावा आठवडा' सापडलं होतं. पूर्ण. आवाजासकट. मँचेस्टरला येत्या महिन्यात एका रविवारी दुपारी ते मोठ्या पडद्यावर दाखवायचं, त्यानं समोर बसून चार प्रश्नांची उत्तरं द्यायची, आणि मग त्याची डीव्हीडी काढायची, सोबत एक छोटी पुस्तिका. नॉरिसनं टणक अंडं मीठ न लावताच खाल्लं. आनंद व्हायला हवा होता, हे त्याला कळत होतं. पण जिच्या आठवणी छत्तीस वर्षं डोळ्यांत पाणी आणून सांगितल्या, ती मावशी जिवंत आहे आणि रविवारी चहाला येणार आहे असं कुणी कळवावं, तसं काहीतरी त्याला झालं.

झाकली मूठ सव्वा लाखाची असते, आणि नॉरिसनं आपली हयात त्या मुठीवर काढली होती. त्या काळी टेप महाग. नाटक एकदा दाखवलं, फार तर दोनदा, की पुसायचं आणि त्याच टेपवर दुसरं काहीतरी घ्यायचं. "माझ्या बापावर त्यांनी फुटबॉलची मॅच घेतली," असं नॉरिस प्रत्येक मुलाखतीत म्हणायचा, आणि प्रत्येक मुलाखत घेणारा हळहळायचा. मेलेल्या म्हशीला मणभर दूध असतं. ज्यांनी ते नाटक पाहिलं होतं ते म्हातारे होऊन त्याचं आणखी कौतुक करू लागले, आणि ज्यांनी पाहिलं नव्हतं ते तर त्यांच्याहूनही जास्त. संदर्भग्रंथांतून त्याच्या नावापुढे 'हरवलेली श्रेष्ठ कृती' असे शब्द पडले. ते त्यानं खोडायला सांगितले नाहीत.

आणि बाकी काय होतं त्याच्या नावापुढे? 'मार्शगेट'. एका नसलेल्या गावातल्या नसलेल्या पोलिस चौकीची मालिका, आठवड्यातून दोनदा, जेवणाच्या वेळेला. एकोणीस वर्षं त्यानं ती लिहिली. म्हणजे एका लांब टेबलाभोवती दहाबारा लेखक बसायचे, मधे बिस्किटांची बशी, आणि कुणाचा नवरा कुणाबरोबर पळणार हे मत घेऊन ठरायचं. मग प्रत्येकाला आपापला भाग वाटून मिळायचा. नॉरिसच्या वाट्याला बहुधा मरणं यायची. "मरण नॉरिसला द्या रे," टेबलाच्या टोकाला बसलेला निर्माता म्हणायचा, "तो बरी मारतो माणसं." पगारवाढ मागणाऱ्या नटाला त्यानं कालव्यात बुडवलं, बाळंतपणाला गेलेल्या नटीला विमानात बसवलं, आणि एकदा दारूचा अख्खा गुत्ता जाळला कारण त्या सेटची जागा दुसऱ्या कार्यक्रमाला हवी होती. नवे लेखक त्याला थोडा मान देत. "त्यानं एकदा खरंखुरं लिहिलं होतं," ते आपसात कुजबुजत, त्याला ऐकू जाईल इतक्या हळू. पुढे टेबलावरचे चेहरे त्याच्या निम्म्या वयाचे झाले. त्याच्या लिखाणाच्या कडेला 'इथे आणखी भावना हवी' अशा सूचना येऊ लागल्या. एका शुक्रवारी निर्माता खांद्यावर हात ठेवून म्हणाला, "नॉरिस, तुला जरा विश्रांती देऊ या म्हणतो." त्या धंद्यात हकालपट्टी हा शब्द कुणी वापरत नाही. विश्रांती अजून चालूच होती.

रविवार जवळ येत गेला तसा नॉरिसची रात्रीची जागरणं दिवसा सुरू झाली, म्हणजे भर दुपारी, भाजीवाल्याच्या रांगेत, त्याला ते स्टुडिओतलं दृश्य लख्ख दिसायचं. वरच्या काचेच्या खोलीत दिग्दर्शक ह्यू प्रॉसर, त्याच्या मागे नॉरिस, वय एकोणतीस, नवा कोट, आणि खाली प्लायवूडच्या स्वयंपाकघरात टेबलाशी बसलेला लेन हॅडफील्ड, म्हणजे नाटकातला बाप. स्टुडिओचा नियम साधा होता. दहा वाजले की विजेवाल्यांची पाळी संपली, आणि पाळी संपली की दिवे गेले. थांबायचं असेल तर त्यांच्या युनियनला आधी विचारायचं. शेवटचा प्रसंग तेवढा राहिला होता. दोन मिनिटांचा. मुलगा दारातून येतो आणि बापाशी बोलतो. कॅमेरा लेनवर लागलेला, फीत फिरतेय, दारामागे मुलाचं काम करणारा नट उभा, आणि कुणीतरी मजल्यावरून ओरडलं की थांबा, दार अडकलंय. लेन दाराकडे बघत राहिला. ह्यू मान न वळवता म्हणाला, "नॉरिस, तू खाली जा. लेखक आहेस, गरीब घरचा आहेस, तुझं ऐकतील. पाच मिनिटं माग." नॉरिस उठला, जिन्यापर्यंत गेला आणि तिथेच उभा राहिला. खाली शिडीपाशी ती माणसं हात पुसत होती. त्याच्या बापाच्या वयाची होती. संप मोडणाऱ्याच्या पोरानं युनियनच्या माणसाकडे नियम मोडायची भीक मागायची? त्यांना ठाऊक नव्हतं तो कुणाचा पोर ते. नॉरिसला ठाऊक होतं. आणि मग दिवे गेले.

कारण 'सहावा आठवडा' हे त्याच्या बापाचंच नाटक होतं. सत्तेचाळीस सालचा तो भयंकर हिवाळा, बोल्टनजवळची कापड धुण्याची गिरणी, आणि तिथला संप. पाच आठवडे हॅरल्ड एकर्स्ली सगळ्यांबरोबर फाटकाबाहेर बर्फात उभा राहिला. सहाव्या आठवड्यात तो मान खाली घालून आत गेला. संप नंतर मोडलाच, सगळेच आत गेले, पण आधी गेला तो हॅरल्ड. गिरणीनं त्याला वाळीत टाकलं. मारलं नाही, शिवी दिली नाही. फक्त त्याच्याशी कुणी बोलेना. यंत्रावर, जेवणाच्या सुट्टीत, रस्त्यात, चर्चमध्ये, कुणीच नाही, कित्येक वर्षं. नॉरिस तेव्हा पाच वर्षांचा. आपल्या घरी कुणी येत नाही आणि आपण कुणाकडे जात नाही, ही जगाची रीतच असावी असं त्याला वाटे. पुढे बाप भ्याडपणानं आत गेला असं त्याच्या कानावर आलं. तो आत का गेला याचं खरं कारण त्याला कळलं ते आईला पुरून आल्यावर. बहीण एनिड भांडी विसळत होती, आणि पाठमोरीच म्हणाली, "तुझ्यासाठी गेले रे ते आत. तुझी छाती भरली होती, घरात कोळशाचा खडा नव्हता. मी सांगितलं म्हणून बोलू नकोस." एका वर्षात नॉरिसनं नाटक लिहून काढलं. त्यात बाप आत जातो, वाळीत पडतो, गप्प होतो, आणि अगदी शेवटी, त्या दोन मिनिटांत, मोठा झालेला मुलगा दारातून येतो आणि सांगतो की मला सगळं कळलं. ती दोन मिनिटं म्हणजेच नाटक होतं. बाकीचं त्यानं तिथवर पोचण्यासाठी लिहिलं होतं.

ह्यूनं काय करावं? हातात होतं तेवढं जोडलं. लेन दाराकडे बघतोय, बघतोच आहे, कुणी येत नाही, आणि नावं सुरू. एक नट दिवे जातात की राहतात याची वाट बघत होता, बस्स. सोमवारी वर्तमानपत्रांत आलं की टेलिव्हिजनवर इतका धीट शेवट आजवर झाला नाही. क्षमा नाकारणारं मौन, असं एकानं लिहिलं. ह्यूचा फोन आला. "तू कुणाशी एक अक्षर बोलू नकोस. आपण थोर झालोय." वसंतात बक्षीस मिळालं. आयत्या बिळावर नागोबा होऊन नॉरिस व्यासपीठावर चढला, आणि खाली वार्ताहरानं विचारलं तेव्हा म्हणाला, "काही बापांशी बोलण्यासारखं काही उरलेलं नसतं. ते मला दाखवायचं होतं." बोलताना वाक्य बरं वाटलं. बोल्टनच्या सायंदैनिकानं ते फोटोखाली छापलं. त्या नाताळला तो घरी गेला तर हॅरल्ड शेकोटीपाशी बसून होता. नॉरिस म्हणाला, "बाबा, कसे आहात?" हॅरल्डनं एनिडकडे बघितलं आणि तो म्हणाला, "दार लावून घे, थंडी येतेय." पुढे सात वर्षं, तो मरेपर्यंत, तो नॉरिसशी एक शब्दही बोलला नाही. कसं बोलायचं नाही हे त्याला शिकवायची गरज नव्हती. उभी गिरणी त्याची गुरू होती.

या सगळ्याचा नॉरिसनं एक हिशेब मांडला होता आणि तो त्याला पाठ होता. दार अडकलं नसतं, जिन्यावर आपले पाय अडखळले नसते, दिवे आणखी पाच मिनिटं राहिले असते, तर बापानं ती दोन मिनिटं बघितली असती. त्याला कळलं असतं. मग तो बोलला असता. मग नॉरिसला मार्शगेटच्या टेबलाशी एकोणीस वर्षं बसावं लागलं नसतं, कारण बापाचं एक वाक्य मिळालेला माणूस काहीही लिहू शकतो. सारं आयुष्य एका बिजागरीवर लटकलेलं. असा हिशेब फार आराम देतो. त्यात आपल्याकडे थोडासाच दोष येतो, सोसवेल एवढाच.

म्हणून त्यानं ठरवलं, आता सांगून टाकायचं. कपाटातून त्या दोन मिनिटांची जुनी टंकलिखित पानं काढली आणि एनिडला फोन केला. दोघं एकमेकांना आता अंत्यविधींनाच भेटत. "येशील का?" तो म्हणाला. "कितीला आहे?" तिनं विचारलं. "तीनला." "येते. लवकर सोड म्हणजे झालं, रविवारी परतीच्या गाड्या कमी असतात."

सभागृह चांगलं भरलं होतं. एनिड सत्तरी ओलांडलेली, निळ्या कोटात, पर्स मांडीवर उभी धरून त्याच्या शेजारी बसली. अंधार झाला. नॉरिसला आधी दिसलं ते हे की प्लायवूडच्या भिंती हलतात. मग ऐकू आलं ते हे की सगळी माणसं फार बोलतात. गिरणीत कापड धुणारी माणसं, आणि एकेक वाक्य असं सुबक की जणू घरून लिहून आणलंय. आणलंच होतं. हे नाटक आपण आज 'मार्शगेट'च्या टेबलावर ठेवलं असतं तर ती पोरं कडेला काय लिहिती, हे त्याला आपोआप दिसू लागलं, आणि ती बरोबर होती हे दिसून त्याचे कान तापले. छत्तीस वर्षं जे हरवलं म्हणून तो रडला ते एवढंच होतं? बरं होतं, प्रामाणिक होतं, तरण्या माणसाचं होतं. आणि मग शेवट आला. लेन हॅडफील्डनं मान वर केली आणि दाराकडे बघितलं. सभागृहातला खोकला थांबला. त्या चेहऱ्यावर वाट बघणं होतं, अपमान होता, थकवा होता, आता कुणी येत नाही हे कळून चुकलेलं होतं, आणि तरी मान वळत नव्हती. मागे कुणीतरी हुंदका दिला. सबंध नाटकात खरं होतं ते एवढंच, आणि तेवढंच त्यानं लिहिलेलं नव्हतं.

टाळ्या संपल्यावर तमसिननं त्याला मंचावर नेलं. लाल बूट घातलेली उत्साही मुलगी. "आम्हाला सगळ्यांना एकच विचारायचंय," ती म्हणाली, "तो शेवट तुम्हाला सुचला कसा?"

"सुचला नाही," नॉरिस म्हणाला. "दार अडकलं आणि दिवे गेले."

लोक हसले. प्रेमानं हसले, म्हाताऱ्याच्या विनयाला हसावं तसे. त्यानं परत सांगितलं, जिन्यासकट सांगितलं. ते आणखी हसले, मग हळूहळू शांत झाले. त्यानं खिशातून पानं काढली आणि राहिलेला प्रसंग वाचला. आवाज कापत होता आणि त्यानं तो कापू दिला. मुलगा दारातून येतो. म्हणतो, मला कळलंय तुम्ही आत का गेलात. माझ्यासाठी गेलात. इतकी वर्षं मी तुम्हाला भ्याड समजत होतो, सगळ्यांसारखा. बाबा, मी तुम्हाला क्षमा केलीय. बाप टोपी काढून टेबलावर ठेवतो. एवढंच. वाचून झाल्यावर पहिल्या रांगेतली एक बाई डोळे पुसत होती. लोक उभे राहून टाळ्या वाजवायला लागले. नॉरिसला वाटलं, झालं, फिटलं. इतकं हलकं त्याला बक्षिसाच्या दिवशीही वाटलं नव्हतं.

बाहेर चहाचं टेबल होतं. एनिड खिडकीपाशी उभी राहून चहा पीत होती. तो तिच्याजवळ गेला आणि वाट बघू लागला.

"चहा बरा आहे," ती म्हणाली.

"एनिड, बाबांनी ही दोन मिनिटं बघितली असती तर..."

"बाबांनी शेवट बघितलाच नाही."

"म्हणजे?"

"बंद केलं त्यांनी मधेच. अरे, आमच्या नॉरिसचं नाटक लागणार म्हणून घर भरलं होतं. बोलावणी त्यांनीच केली होती, घरोघर जाऊन. बोल्सच्या क्लबातले सगळे. गिरणीतला ग्रिमशॉ होता, त्याची बायको होती. बाबांना गेल्या काही वर्षांत परत घेतलं होतं रे लोकांनी. तुला कुठलं ठाऊक, तू लंडनला. शनिवारी हिरवळीवर गोळे घरंगळवत बोल्स खेळायचे, त्या वर्षी संघाचा कप्तान केलं होतं त्यांना. मी हॅमचे सँडविच केले होते, दोन मोठी ताटं. नाटक सुरू झालं, फाटक दिसलं, बर्फ दिसलं, आणि ग्रिमशॉची बायको उठून कोट शोधायला लागली. मग एकेक करून सगळे गेले. कुणी काही बोललं नाही. आपल्याकडे बोलत नाहीतच. बाबा उठले, टीव्ही बंद केला आणि म्हणाले, ते सँडविच झाकून ठेव. आठवडाभर खात होतो आम्ही."

नॉरिसनं हातातली कपबशी खिडकीत ठेवली.

"म्हणजे शेवटामुळे नव्हे," तो म्हणाला.

"शेवट कसला घेऊन बसलायस? लोक विसरले होते. पंचवीस वर्षं लागली त्यांना विसरायला, आणि तू एका तासात अख्ख्या देशाला सांगितलंस. शनिवारी ते क्लबात गेले तर यांचे गोळे काढून बाहेर पायरीवर ठेवलेले. पिशवीत घालून घेऊन आले घरी." तिनं कपाच्या तळाशी बघितलं. "आणि त्यांना माहीत होतं तुला कुणी सांगितलं ते. दुसरं होतंच कोण? माझ्याशी बोलायचे ते. बोलावंच लागायचं, मी रांधत होते ना. दार लाव, मीठ दे, एवढंच."

"तू कधी सांगितलं नाहीस मला."

"तू विचारलंस कधी? तू यायचास तो आपल्या दिव्यांचं दुःख घेऊन."

रडू येत असेल तर येऊ दे, असं त्यानं स्वतःला सांगितलं, पण ते येईना. मग तो म्हणाला, आणि म्हणतानाच त्याला ते केविलवाणं वाटलं, "पण तो प्रसंग तरी... आज वाचला तो. तो त्यांनी ऐकला असता तर?"

एनिडनं त्याच्याकडे नीट बघितलं, त्या दिवसात पहिल्यांदाच.

"तो त्यांना सगळ्यात जास्त लागला असता," ती म्हणाली. "क्षमा केली म्हणे. अरे, मागितली कुणी होती?"

खिडकीबाहेर बस थांबली आणि सुटली. नॉरिसला बापाची पाठ दिसली, बोल्सच्या गोळ्यांची पिशवी घेऊन चढावानं घरी चाललेली, आणि रस्त्यातली दारं बंद. हे त्यानं कधी बघितलं नव्हतं, लिहिलं नव्हतं. हा त्याचा बाप होता. आपण छत्तीस वर्षं दुसऱ्याच कुणाचं तरी सुतक पाळत होतो, हे त्याला कळलं.

एवढ्यात तमसिन लगबगीनं आली. तिचे गाल लाल झाले होते. "मिस्टर एकर्स्ली, मी तुम्हाला शोधत होते. तो प्रसंग आपण पुस्तिकेत छापू या ना? लोक तेच विचारतायत. तुमची परवानगी असली तर पानं आत्ताच घेऊन जाते मी." तिनं हात पुढे केला.

नॉरिसनं खिशाला हात लावला. नाही म्हणायचं, ती पानं इथेच फाडायची, हे त्याला स्वच्छ कळत होतं. एनिड कोटाची बटणं लावत होती. 'मागितली कुणी होती' हे शब्द अजून त्याच्या कानात होते, तिच्याच आवाजात, तसेच कोरडे. आणि त्या शब्दांभोवती, त्यानं न बोलावता, प्लायवूडचं स्वयंपाकघर उभं राहिलं. मुलगा म्हणतो, क्षमा केलीय. बाप दाराकडून नजर काढतो. मग ते वाक्य. त्यानंतर काहीच नको. टोपीसुद्धा नको. किती नेमकं बसत होतं. सबंध नाटक त्या एका वाक्यानं उभं राहत होतं.

"एक दिवस द्या मला," तो तमसिनला म्हणाला. "शेवटी बापाच्या तोंडी एक वाक्य घालायचंय."

"अय्या, नवं वाक्य?" तमसिन म्हणाली. "किती छान!"

एनिडचा हात शेवटच्या बटणावर थांबला. तिनं ऐकलं होतं. नॉरिस तिच्याकडे वळला. "एनिड, थांब, मी स्टेशनपर्यंत येतो," तो म्हणाला. तिनं बटण लावलं, रिकामा कप तमसिनच्या हातात दिला, तिलाच म्हणाली, "चहा चांगला होता, बाळ," आणि त्याच्याशी एक शब्दही न बोलता ती जिना उतरून गेली.